‘काय झालंय हितं?’ : सांगलीतले पाच दिवस

रविवार

पेठनाक्याला एसटीनं हायवे सोडला आणि उसाच्या ट्रॉल्या लागल्या. एका ट्रॅक्टरमागं दोन-दोन, वर ढीगभर ऊस आणि टेपवर गाणी. आष्ट्यापर्यंत आम्ही त्यांच्या मागून रांगत आलो. एका ट्रॉलीवर उसाच्या मोळ्यांत खड्डा करून एक पोरगं गाढ झोपलं होतं. कॅमेरा बॅगेत, बॅग वरच्या फळीवर, आणि बाजूला दोन भरल्या पिशव्या घेतलेल्या आजी. म्हणजे झोपलेलं पोरगं गेलं ते गेलंच. या कामात हे असं रोज होतं, तरी दर वेळी जीव हळहळतो.

मी पुण्याचा. सोबतची मैत्रीण आवाज रेकॉर्ड करते, तिचं माहेर सांगलीत, गावभागात. तिच्या आईकडेच, म्हणजे काकूंकडे मुक्काम. पोचल्या पोचल्या समोर भडंगाची परात आणि प्रश्न : "काय शूटिंग करणार?"

म्हटलं, माहितीपट. घाट, हळदीचे सौदे, एसटी स्टँड. माणसं रोज जे करतात ते. कुणाची मुलाखत नाही, मागून निवेदकाचा आवाज नाही, संगीत नाही. आम्ही कुणाला ‘असं करा, तसं करा’ म्हणणार नाही. नुसतं बघायचं.

काकूंनी भडंगात आणखी शेंगदाणे टाकले. "मग त्यात आहे काय?"

मैत्रीण मान खाली घालून हसत होती. तिनं हा प्रश्न लहानपणापासून ऐकलाय, प्रत्येक बाबतीत.

सोमवार

सकाळी सहाला घाटावर. फाल्गुन असला तरी पहाटे नदीकाठी गारठा होता. कृष्णा आता उतरलेली, पायऱ्यांचा बराचसा भाग उघडा. पोहणारे नेहमीचे लोक येऊन गेले, कपडे धुणाऱ्या बायका येत होत्या. आम्ही स्टँड लावला, वर कॅमेरा चढवला आणि चालू केला नाही. पहिला दिवस असाच घालवायचा असतो. लोकांना प्रश्न विचारू द्यायचे, लेन्समधून डोकावू द्यायचं, कंटाळू द्यायचं.

पहिला प्रश्न दहा मिनिटांत आला. "कुठल्या चॅनलचं?"

दुसरा, "काय झालंय हितं?"

काही झालेलं नाही, हे सांगून पटेना. मग लक्षात आलं. या घाटावर कॅमेरा येतो तो पुरातच. २००५ला आले, २०१९च्या ऑगस्टमध्ये तर रांग लागली होती. आयर्विन पुलापाशी नदी ४० फुटांवर गेली की इशारा, ४५ला धोका, आणि २०१९ला पाणी ५७ फुटांच्या वर गेलं. हे आकडे इथं शाळकरी पोरालाही पाठ आहेत. त्यामुळं कॅमेरा दिसला की माणूस आपोआप हात वर करून भिंतीवरची खूण दाखवतो : हितपर्यंत पाणी होतं. सकाळी नऊपर्यंत मला न विचारता चौघांनी चार ठिकाणची पातळी दाखवली. एक गृहस्थ तर नदीकडं पाठ करून उभे राहिले, घसा खाकरला आणि सुरू झाले, "कृष्णाकाठी वसलेली ही सांगलीनगरी…" पाच मिनिटं न अडखळता बोलले. आवाज असा, की आकाशवाणीनं धरून नेलं असतं. विष्णुदास भाव्यांनी १८४३ साली ‘सीतास्वयंवर’ याच गावात उभं केलं आणि तेव्हापासून सांगली म्हणजे नाट्यपंढरी. इथं येऊन ‘नाटक करू नका, नेहमीसारखे वागा’ म्हणायचं म्हणजे पंढरपुरात टाळ वाजवू नका म्हणण्यासारखं आहे.

आम्ही ‘वा’ म्हटलं. कॅमेरा बंद आहे, हेही प्रामाणिकपणे सांगितलं. ते जरा हिरमुसले. उद्या यावं का, असं विचारून गेले.

पायऱ्यांवर बसून अंग पुसत असलेल्या एका थोराड माणसानं (कान मोडलेले, म्हणजे तालमीतला) सुचवलं, "कुस्ती काढा की. बघाय तरी बरं वाटतंय." मी त्यांना सावेदादांची गोष्ट सांगितली. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, मुंबईतले छायाचित्रकार. त्यांनी १८९९मध्ये हँगिंग गार्डनला कुस्ती भरवून ती चित्रित केली. आपल्याकडच्या माणसानं कॅमेरा लावून समोरचं जिवंत टिपण्याची सुरुवातच लाल मातीतून झाली.

"मुंबईत कुस्ती?" ते म्हणाले. "हिकडं यायचं हुतं त्यांनी."

दुपारी मैत्रिणीनं आणि मी मिळून एक नियम ठरवला आणि वहीत लिहिला. अंघोळीच्या पायऱ्यांकडं लेन्स फिरवायची नाही. ज्या बाईचं काम टिपायचं, तिला आधी विचारायचं, आणि ती हो म्हणाली तरी हात, कपडे, पाणी एवढंच. सार्वजनिक जागा आहे म्हणून उघड्यावरचं सगळं आपलं होत नाही. नदीवर आलेली बाई घरातल्यासारखीच ओल्या कपड्यात असते. तिला तेवढी मोकळीक गावानं दिलेली असते, ती आपण मोडायची नाही.

संध्याकाळी आयर्विन पुलावर. १९२९चा दगडी पूल, त्यावर फिरायला आलेली माणसं, कठड्याला टेकलेली जोडपी. एकही फ्रेम घेतली नाही. पाय दुखायला लागले तेव्हा घरी.

मंगळवार

वसंतदादा मार्केट यार्ड. एका अडत्यांच्या दुकानात आधीच बोलून ठेवलं होतं, ते म्हणाले होते, "या, पण मधे येऊ नका." याहून चांगली सूचना मला कुठल्या शिक्षकानं दिलेली नाही.

आत शिरलो तर आधी नाक बोलतं. हळदीचा वास स्वयंपाकघरात सौम्य असतो, इथं तो घशाला लागतो. सगळं पिवळं. फरशी, पोत्यांची शिवण, वहीच्या कडा, पाण्याच्या पिंपाचा नळ. हमालांच्या भुवया आणि पापण्यासुद्धा. सांगलीच्या हळदीला २०१८मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं. माल आसपासचा येतो, तसा कर्नाटकातून आणि तेलंगणातूनही येतो.

सौदा सुरू झाला तेव्हा पहिल्यांदा मी गोंधळलो. खरेदीदारांचा घोळका एका ढिगावरून दुसऱ्या ढिगावर सरकतो, पुकारा चालू असतो, आणि महत्त्वाचं काय ते तोंडावर दिसतच नाही. मी चेहऱ्यांमागं धावत होतो. मैत्रिणीनं हेडफोन एका कानावरून सरकवून मला थांबवलं आणि बोटानं खाली दाखवलं : हात बघ.

हे आम्ही उसनं घेतलंय. अमेरिकेतले फ्रेडरिक वाइजमन आपल्या माहितीपटांत कॅमेरा दुसऱ्याच्या हाती देत, स्वतः आवाज रेकॉर्ड करत आणि कॅमेरामनला खुणेनं कुठं वळायचं ते सांगत. म्हणजे कानानं डोळ्याला हाकायचं. १९६०च्या आसपास खांद्यावर पेलेल असा कॅमेरा आणि गळ्यात अडकवता येईल असं रेकॉर्डिंग यंत्र आलं, चित्र नि आवाज बाहेर रस्त्यावर एकत्र पकडता यायला लागला, म्हणून हे शक्य झालं. त्याआधी बाहेर चित्र काढायचं आणि आवाज नंतर खोलीत बसून चिकटवायचा, हाच बहुतेक रिवाज. तेव्हा निवेदकाचा भारदस्त आवाज ही हौस कमी, गरज जास्त होती.

तर हात. खरेदीदार ढिगात हात घालतो. मूठभर हळकुंडं वर काढतो, त्यातलं एक निवडतो आणि मोडतो. कट्ट. चांगलं वाळलेलं हळकुंड स्वच्छ आवाज करतं. ओल राहिली असेल तर आवाज मऊ येतो. मग मोडलेला तुकडा डोळ्याजवळ नेऊन आतला रंग बघायचा. आत केशरी झाक आहे की फिक्कट. तुकडा परत ढिगात. हे सगळं तीन सेकंदांत. पुकारा करणारा आकडा वाढवतोय, आणि इकडं नुसती कट्ट, कट्ट, कट्ट. मैत्रिणीला ते आधी ऐकू आलं होतं, मला दिसायला तिचं बोट लागलं.

दीड तास आम्ही फक्त हात टिपले. एका म्हाताऱ्या खरेदीदाराचा अंगठा आठवतो : नखाच्या कडेला हळद अशी मुरलेली, की ती आता धुऊन जाणार नाही. तो मोडलेला तुकडा ढिगात टाकण्याआधी दर वेळी एकदा नाकाशी नेई. बाकी कुणी नेत नव्हतं. वासावरून त्याला काय कळत होतं, ते मी विचारलं नाही. विचारलं असतं तर त्यानं सांगितलं असतं, आणि मग ती मुलाखत झाली असती. हा मोह आवरणं मला अजून जड जातं. रात्री काकू म्हणाल्याच, "विचारायचं होतंस की. काय बिघडलं असतं?" खरं तर काही बिघडलं नसतं.

हमालांची जेवणाची सुट्टी झाली तेव्हा एकानं डबा उघडता उघडता म्हटलं, "आमास्नी बघून काय मिळायचंय तुमास्नी?" आणि भाकरीचा चतकोर पुढं केला. कॅमेरा चालू होता. तो बंद करून भाकरी खाल्ली. भाकरीवरही पिवळी बोटं उमटलेली.

बुधवार

पुन्हा घाट. तिसऱ्या दिवशी कुणी चॅनल विचारलं नाही. सोमवारचे कृष्णाकाठवाले गृहस्थ येऊन, हात हलवून पुढं गेले. लोक म्हणतात, कॅमेऱ्याची सवय झाली की माणसं त्याला विसरतात. माझा यावर विश्वास नाही. विसरत कुणी नाही. घाटावर रोज येणारं कुत्रं जसं सगळ्यांना माहीत असतं, तसे आम्ही माहीत झालो होतो, एवढंच. आणि माहीत झालेल्या माणसाला कामाला लावतात.

थंडी सरली की वाकळा धुवायला नदीवर येतात. (पुणेकरांसाठी : वाकळ म्हणजे जुन्या लुगड्यांची, धोतरांची शिवलेली जाड गोधडी.) एक मावशी मोठी दुहेरी वाकळ घेऊन आल्या होत्या. सोमवारी त्यांच्याशी बोलणं झालं होतं, हात-पाय-पाणी एवढं टिपायला त्यांची हरकत नव्हती. वाकळ पाण्यात बुडवली, दगडावर पसरली, साबण लावला आणि पायांनी तुडवायला सुरुवात केली. लयीत. डावा, उजवा, डावा, उजवा, आणि दर पावलाला टाक्यांच्या ओळींमधून राखी फेस वर यायचा. मी खाली बसून पायांची चौकट धरली होती. ऊन तिरपं. मागं नदी जराशी नजरेबाहेर. असं चित्र मिळालं की पाठीतून एक मुंगी चालत जाते.

मग वाकळ पाण्यातून काढली. भिजलेली दुहेरी वाकळ एका माणसाला पेलत नाही. मावशींनी आजूबाजूला पाहिलं. त्यांच्यासोबतची बाई वर चहाला गेली होती. त्यांनी माझ्याकडं पाहिलं.

"ए पोरा, ते ठेव तिकडं. हे टोक धर."

मी मैत्रिणीकडं पाहिलं. तिच्या दोन्ही हातांत माइकचा दांडा. तिनं खांदे उडवले. पिळतानाचं चित्र हेच तर हवं होतं मला, सोमवारपासून मनात होतं. पण टोक हवेत होतं, पाणी निथळत होतं. कॅमेरा पायरीवर ठेवला आणि टोक धरलं.

मावशींनी पीळ द्यायला सुरुवात केली. मी त्यांच्या हातांकडं बघून तसाच फिरवायला लागलो. वाकळ पिळेना. ती आमच्या दोघांच्या मधे नुसती गोल गोल फिरू लागली, गाडीच्या रॉडसारखी.

"आरं, माझ्याकडं बघून पिळू नको!"

मी आणखी नीट बघितलं. आणखी फिरली. आता घाटावरच्या चार बायका हसत होत्या.

"बघू नको म्हनलं ना! तुझ्या उजवीकडं पीळ. मी माझ्या उजवीकडं. बघायचं न्हाई, पिळायचं."

समोरासमोर उभं राहून समोरच्याचं बघून केलं की दोन्ही टोकं एकाच दिशेला फिरतात. बघणं सोडलं, उजवीकडं जोर लावला, तेव्हा वाकळीला पीळ बसला आणि तिच्या पोटातून कुंईं असा आवाज करत पाणी धो धो दगडावर पडलं. पायांवर, पॅन्टवर, आणि थोडं कॅमेऱ्याच्या बॅगेवर. तळहात लाल झाले. दुसऱ्या पिळाला मावशी म्हणाल्या, "आता कसं!"

चित्र काही नाही. मैत्रीण मात्र रेकॉर्डिंग बंद न करता उभी होती.

गुरुवार

हा दिवस माझ्या मूर्खपणाचा.

एसटी स्टँडवर सकाळी अंधारात गेलो, परवानगीचं पत्र खिशात. मार्च २०२३पासून बायकांना अर्धं तिकीट झाल्यापासून गाड्यांत बायकांची गर्दी असते, ती फलाटावरही दिसते. एक आजोबा आले, सोबत पाच-सहा वर्षांचा नातू. गाडी लागायच्या आत खिडकीशी. आधी रुमाल टाकला आत. तो कुणीतरी बाजूला केला असावा, कारण मग पिशवी टाकली. तीही पुरेशी वाटेना. मग आजोबांनी नातवाला दोन्ही काखांत धरून उचललं आणि खिडकीतून आत सरकवलं. नातू सीटवर आडवा झाला, हातपाय पसरून, पूर्ण गांभीर्यानं. आजोबा दाराकडं निवांत चालत गेले.

सगळं मिळालं होतं. एका सलग तुकड्यात.

दुपारी लॅपटॉपवर पाहिलं तर चित्रावरून आडवे काळे पट्टे वर सरकतायत. पुण्यात आधीचं काम लग्नाचं होतं, सेकंदाला ३० चित्रांचं, तिथलं शटर (एका चित्रावर उजेड पडू द्यायचा वेळ) १/६० सेकंद, ते तसंच राहिलं होतं. आपल्याकडची वीज ५० हर्ट्‌झची, ट्यूबलाइट सेकंदाला १०० वेळा उजळ-मंद होते, म्हणून शटर १/५० ठेवायचं. हे कळायला फिल्म इन्स्टिट्यूट लागत नाही. दोन दिवस दिवसाच्या उजेडात काम केलं म्हणून दिसलं नाही. फलाटावरच्या ट्यूबखाली उघडं पडलं. तासाला ४५ जीबी भरतील एवढ्या उत्तम दर्जाचे पट्टे.

काकू म्हणाल्या, उद्या जाऊन आजोबांना सांग, परत टाका म्हणावं. आमच्या कामात नेमकं तेवढंच म्हणायचं नसतं. संध्याकाळी, शटर दुरुस्त करून, पुन्हा दोन तास स्टँडवर उभा राहिलो. रुमाल पुष्कळ पडले. नातू एकही नाही.

मधल्या वेळात हरिपूरला जाऊन आलो, कृष्णा-वारणेच्या संगमापाशी. संगमेश्वराच्या देवळात शांत वाटलं. हळद साठवायची पेवं हरिपूरची. जमिनीत खोल, तोंड अरुंद, आत वर्षानुवर्षं हळदीला कीड लागत नाही. पेव उघडलं की लगेच आत उतरत नाहीत, आतली कोंडलेली हवा जाऊ देतात, नाहीतर माणूस गुदमरतो. २००५च्या पुरात पाणी शिरून बरीच पेवं गेली. टिपण्यासारखं काही घडत नव्हतं, आणि पेवाच्या तोंडाचं नुसतं चित्र म्हणजे जमिनीतलं भोक. उसाचा रस पिऊन परत.

शुक्रवार

दुपारची गाडी. सकाळी घाटावर लॅपटॉप घेऊन गेलो. ज्यांचं टिपलंय त्यांना दाखवल्याशिवाय गाव सोडायचं नाही, हा मैत्रिणीचा नियम, माझ्यापेक्षा कडक. झाडाच्या सावलीत पारावर लॅपटॉप ठेवला, वर ओढणीचा आडोसा केला. मावशी आल्या, त्यांच्यासोबतची बाई आली, अजून पाच-सहा जणी. कृष्णाकाठवाले गृहस्थ मागं उभे.

तुडवणारे पाय दिसले. कुणीतरी म्हणालं, "पैंजण चांगलं दिसायलंय." मग चित्र संपलं, पडदा काळा झाला आणि त्यावर नुसता आवाज. पाण्याचा, पायरीवर कॅमेरा ठेवल्याचा, माझ्या धापांचा. "आरं, माझ्याकडं बघून पिळू नको!" बायका अशा हसल्या, की पारावरची कबुतरं उडाली. पुन्हा लावायला लावलं. तिसऱ्यांदाही. काळ्या पडद्याकडं टक लावून आठ जणी बसल्या होत्या आणि एकीनंही विचारलं नाही, चित्र कुठं गेलं. मला तेव्हाच कळलं की हा तुकडा काळाच राहणार.

मावशी मात्र हसत नव्हत्या. त्यांनी पहिलं चित्र परत लावायला सांगितलं. बोट पडद्यापाशी नेलं.

"ही वाकळ माझी न्हवं. जावंची हाय. टाकं बघ की कसलं आलंय, कोंबडीच्या पायासारखं."

म्हटलं, मावशी, कुणाला कळणार नाही कुणाची आहे ते.

"गावाला कळंल. मीच धुयाले म्हंजे माझीच म्हननार. तू त्यात सांग, जावंची हाय म्हून."

"यात सांगायची सोयच नाही, मावशी. मागून कुणी बोलत नाही त्यात."

मागच्या गृहस्थांनी घसा खाकरला. "मी बोलतो की."

मावशींनी त्यांच्याकडं लक्ष दिलं नाही. पदर खोचला, क्षणभर विचार केला. "मग असं कर. पाडव्याच्या आदी परत ये. माझी धुयाला आनते, तवा काढ. आनि ह्येला," त्यांनी मैत्रिणीकडं पाहून माझ्याकडं मान हलवली, "तवर पिळायला शिकीव."

मी वहीत तारीख लिहून घेतली. पाडव्याला अजून बारा दिवस होते.